हिंगणीच्या भिंतीवरची बाई

पुण्याहून वर्ध्याच्या गाडीत बसले तेव्हा माझ्या पिशवीत दोन सुती साड्या, एक भिंग, कापसाची पुडी आणि मोसंबी होती. मनात टोचणी होती ती वेगळीच. वैशाखाच्या तोंडावर विदर्भात निघालेल्या माणसाला लोक वेड्यात काढतात, आणि त्यात त्यांचं काही चुकत नाही. समोरच्या बाकावरच्या नागपूरच्या काकूंनी विचारलंच, "लग्नाले चालल्या का?"

"नाही. एका बाईसाठी चालले आहे."

"कोन बाई?"

"तेच कुणाला माहीत नाही," मी म्हणाले. काकूंनी मला एकदा नीट न्याहाळलं आणि आपली पर्स उचलून पलीकडच्या बाजूला ठेवली.

मी उत्तर मात्र खरं दिलं होतं. एका चित्रकला महाविद्यालयात मी कलेचा इतिहास शिकवते, आणि गेली बारा वर्षं एका चित्राच्या मागे लागले आहे. प्रबोधनकाळात इटलीत रंगवलेलं एका तरुणीचं व्यक्तिचित्र. चेहरा एका बाजूने दिसतो. मोठं कपाळ, झुकलेली पापणी, घट्ट मिटलेले ओठ, केसांवर कान झाकणारी जाळीची टोपी आणि गळ्यात काळा दोरा. चित्रकार कोण असावा याबद्दल बऱ्यापैकी एकमत आहे. बाई कोण याबद्दल अजिबात नाही. कुणी म्हणतं सरदाराची वाग्दत्त वधू, कुणी म्हणतं व्यापाऱ्याची दुसरी बायको, आणि कुणी म्हणतं अशी बाई कधी नव्हतीच, चित्रकाराने मनाने काढली. मी दुसऱ्या बायकोच्या पक्षातली. त्यापायी मी दोन निबंध लिहिले, तीन विद्वानांशी बोलणं सोडलं आणि मूळ चित्र मात्र आयुष्यात एकदाच, दोरीच्या अलीकडे उभं राहून, पंधरा मिनिटं पाहिलं.

हिवाळ्यात ते चित्र वर्गातल्या पडद्यावर लावलं आणि शेवटच्या बाकावरून अश्विनी ओरडली, "मॅडम, ही तर माझी पणजी!" वर्ग खदाखदा हसला. अश्विनी वर्ध्याजवळच्या बोरगाव मेघेची. तिने फोनमधला फोटो दाखवला तेव्हा मला हसू आलं नाही. हिंगणी गावी तिच्या आजीच्या घरात, भिंतीवर, हार घातलेली माझीच बाई होती. फक्त डोक्यावर पदर आला होता, कपाळावर कुंकू होतं आणि गळ्यातल्या काळ्या दोऱ्याची गरसोळी (तिकडचं काळ्या मण्यांचं मंगळसूत्र) झाली होती.

पुढचा मूर्खपणा माझा. मी मूळ चित्राचा फोटो अश्विनीच्या वडिलांना पाठवला आणि खाली ऐटीत लांबलचक मजकूर लिहिला की, तुमच्या घरातली तसबीर तुमच्या आजीची नसून एका अज्ञात इटालियन स्त्रीची आहे. पाठवलं आणि चहा प्यायला गेले. त्या सरळ माणसाने तो मजकूर आपल्या आईला मोठ्याने वाचून दाखवला.

आई म्हणजे पार्बताआजी. दीड वर्षाची असताना तिची आई गेली. एकुलती एक लेक, म्हणून वडिलांनी पुढे घरजावई केला आणि आजी जन्मभर हिंगणीच्याच घरात राहिली. आईचा चेहरा तिला माहीत आहे तो त्या तसबिरीतून. दर अखजीला (अक्षय्य तृतीयेला) ती तसबिरीसमोर नवी घागर पाण्याने भरून ठेवते. त्या दिवशी इथलं पाणी गेलेल्या माणसांना पोचतं, अशी समजूत आहे. माझा मजकूर ऐकल्यावर आजीने तसबीर उतरवली, भिंतीकडे तोंड करून ठेवली आणि यंदा घागर भरणार नाही म्हणून सांगितलं. हे मला कळलं ते दोन महिन्यांनी, अश्विनी सुट्टीत घरी गेल्यावर. ती फोनवर रडत होती. "मॅडम, आजी म्हणते, इतकी वर्षं मी दुसऱ्याच बाईला पाणी पाजलं आणि माझी माय तिकडे तहानलेलीच राहिली."

फोन ठेवला आणि मी तिकीट काढलं. तिथे जाऊन काय करणार होते, ते मला ठाऊक नव्हतं. पण घरात बसवतही नव्हतं.

सकाळी वर्ध्याला उतरले तर आठलाच ऊन डोक्यावर बसलेलं. अश्विनी स्कूटी घेऊन आली होती, ओढणी अशी गुंडाळलेली की डोळेच दिसत होते. बोरगाव मेघेत तिच्या घरी तिच्या आईने तर्री पोहे पुढे ठेवले. तर्री म्हणजे हरभऱ्याचा लालभडक रस्सा. पहिल्या घासाला माझ्या डोळ्यांतून पाणी आलं आणि त्या माउलीने ते उगीचच पश्चात्तापाचं समजून माझ्या पाठीवरून हात फिरवला. मी दुरुस्ती केली नाही. तसं म्हटलं तर दोन्ही खरं होतं.

अश्विनीने मला अंगणात गाठलं. "मॅडम, एक सांगू? तुम्ही फक्त म्हणा की चूक झाली. हे चित्र वेगळं, ते वेगळं. आजी तुमचं ऐकेल. उद्या अखजी आहे."

"बघू," मी म्हणाले. मी गडबडले की बघू म्हणते, हे माझ्या सगळ्या विद्यार्थ्यांना माहीत आहे.

सेलूपर्यंत बसने गेलो. दोन्ही बाजूंना नांगरून ठेवलेली काळी शेतं, मधूनच पळाट्यांचे (वाळलेल्या कपाशीच्या झाडांचे) ढीग, आणि खिडकीतून येणारा वारा असा गरम की खिडकी लावावी तरी पंचाईत आणि उघडी ठेवावी तरी. सेलूच्या स्टँडवर उतरताना माझ्या उजव्या सँडलचा तळवा सुटून डांबराला चिकटला आणि मी एक पाय अधांतरी धरून उभी राहिले. एक टरबूजवाला ते मन लावून पाहत होता. "उन्हानं गोंद सोडला, बाई," तो म्हणाला. "हिकडं चामड्याचीच चप्पल पाह्यजे." मग त्याने टरबुजांच्या पोत्याची सुतळी काढून माझी सँडल बांधून दिली. पैसे देऊ केले तर म्हणाला, "राहू द्या. येता वक्ती टरबूज घेजा."

हिंगणीला ऑटोने पोचलो. पुढे बोर धरणाकडचं जंगल सुरू होतं. झाडं निष्पर्ण, आणि मधूनच एखादा पळस उगीच थोडासा लाल राहिलेला. मला ते काही नीट बघता आलं नाही. मी सारखी वाक्यं जुळवत होते. चूक झाली. चूक झालेली नाही. चूक कोणाची म्हणायची?

स्लॅबचं घर, पुढे टिनाचं छप्पर टाकलेली ओसरी. पार्बताआजी बाजेवर बसून सरगुंड्यांच्या काड्या पुसत होती. या काड्यांवर कणकेची बारीक वळी गुंडाळून शेवयांसारखे सरगुंडे करतात आणि अखजीला आमरसाबरोबर खातात. काठ्यांसारखे हात, पांढरं लुगडं, चष्म्याची एक दांडी दोऱ्याने बांधलेली. तिने आधी माझ्या सुतळी बांधलेल्या सँडलकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"तूच का थे मास्तरीन? जिनं माह्या मायले परकी केलं?"

"हो," मी म्हणाले.

"बस. पह्यले पानी पे, मंग भांडू."

पाणी माठातलं, वाळ्याच्या वासाचं. मी दोन तांबे प्यायले. आजीने पायातल्या चपला काढून माझ्याकडे सरकवल्या आणि मग म्हणाली, "आता खरं सांगजो बाई. हे सारे दोन महिन्यापासून खोटं बोलून राह्यले. लेक म्हनते मॅडमची चूक झाली, सून म्हनते फोनच खराब होता. मले का समजत नाई? सांग. थे माही माय हाय का नाई?"

अश्विनी माझ्याकडे डोळे मोठे करून पाहत होती. तिचे देविदासकाका दारात उभे होते. आजीबरोबर हिंगणीला राहून शेती पाहतात ते हेच. माझ्या तोंडाशी दोन्ही वाक्यं तयार होती. पण त्या म्हातारीने इतक्या सरळ विचारलं होतं की तिच्याशी खोटं बोलायची मला लाज वाटली.

"नाही, आजी. तो चेहरा तुमच्या आईचा नाही."

आजीने मान हलवली. रडली नाही, रागावली नाही. परत काडी उचलून पुसायला लागली. मला वाटलं आत्ताच उठावं आणि मिळेल त्या गाडीने परत जावं.

जेवायला गोळाभात होता, भरड हरभरा डाळीचे गोळे घातलेला भात आणि त्यावर कडकडीत फोडणीचं तेल. चांगला होता. दोन घास खाऊन मी विचारलं, "आजी, ही तसबीर घरात आली कशी?"

"बाप सांगे. वर्ध्याले एक पेंटर होता, दुकानाच्या पाट्या रंगवे. मायचा फोटो नोता. तवा बायकायचे फोटो कोन काढे? माय मेल्यावर बाप तिकडं गेलता. तीन दिस बसला त्याच्यापाशी. पेंटर पुसे, बाप सांगे."

"तीन दिवस?"

"तीन दिस. हे पक्कं माहीत हाय मले. त्या वक्ती कापसाची येचनी चालू होती, अन् बाप तीन दिस घरी नोता, म्हनून आत्या जलमभर बोलत राह्यली."

माझा हात ताटातच थांबला. कुठल्यातरी विलायती मासिकातला छापील चेहरा घ्यायचा, वर पदर आणि कुंकू काढायचं, हे काम पाट्या रंगवणाऱ्या माणसाला तासाभराचं. मग तीन दिवस तो कशाला लावेल? मी हात धुतले आणि तसबीर उघडून पाहू का, असं विचारलं. देविदासकाकांनी आईकडे पाहिलं. आजी म्हणाली, "पाहा. आता का राह्यलं तिच्यात?"

काकांनी पकडीने मागचे खिळे काढले. काच बाजूला झाली, आणि कित्येक वर्षांच्या धुराचा, उदबत्तीचा वास आला. मी कागद ओसरीच्या उजेडात धरला आणि भिंग लावलं. चेहरा छापलेलाच होता, छपाईचे बारीक ठिपके स्वच्छ दिसत होते. पण त्याच्यावर ठिकठिकाणी कुंचल्याने रंग लावलेला होता. पदर, कुंकू, गरसोळी हे तर होतंच. हनुवटीवर तीन टिंबं होती, गोंदणाची, त्यातलं मधलं जरा खाली घसरलेलं. कपाळावर कुंकवाच्या वर आडव्या चंद्रकोरीचं गोंदण, तेही हिरवट शाईच्या रंगात. आणि मूळ चित्रात जिथे जाळीची टोपी कान झाकते, तिथे या पेंटरने टोपीवरच एक कान काढला होता. कान फारसा जमला नव्हता. पण त्याची पाळी खालपर्यंत फाटलेली होती, दोन टोकं वेगळी.

मी ते तीन-चारदा पाहिलं.

आमच्या कामात जुन्या चित्रावर नंतर कुणी चढवलेला रंग म्हणजे शत्रू. तो खोटा, खालचा खरा. कापसाच्या बोळ्याने वरचा थर हळूहळू काढत जायचा आणि खालचं मूळ चित्र मोकळं करायचं, हे मी मुलांना वर्षानुवर्षं शिकवत आले आहे. इथे खालचं सगळं उसनं होतं आणि खरं ते वरच्या रंगात होतं. पाट्या रंगवणारा माणूस बाईला सुंदर करील, दागिने चढवील, पण आपणहून तिचा कान कशाला फाडेल? ते त्याच्याकडून कुणीतरी करून घेतलं होतं. शेजारी बसून, आठवून आठवून, इथे नाही जरा खाली, असं सांगत.

"आजी," मी म्हणाले, "चेहरा परका आहे. पण हे गोंदण त्या परकीचं नाही. तिकडच्या चित्रात ते नाहीच. आणि हा फाटका कानही तिचा नाही. हे तुमच्या वडिलांनी सांगून काढून घेतलंय. एवढं तुमच्या आईचं आहे."

"कान?" आजी म्हणाली. "कान फाटका हाय?"

इतकी वर्षं हार त्या बाजूनेच लोंबत होता. त्यात काच धुरकट, आणि तसबीर उंच टांगलेली. मी भिंग तिच्या हातात दिलं. ते कुठे धरायचं हे कळेना, तेव्हा अश्विनीने तिचा हात धरून नीट ठेवला. आजीने पाहिलं. पाहतच राहिली. मग एकदम तोंडाला पदर लावून हसायला लागली, आणि हसता हसता तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहायला लागलं.

"म्या तोडला थो," ती म्हणाली. "आत्या मले चिडवे. म्हने, मांडीवरच्या पोट्टीनं मायच्या कानातलं ओढलं, पाळी फाडून टाकली, रगत निंगालं, तरी मायनं हात नाई उगारला. मले वाटे आत्या उगीच म्हनते. म्या तोडला वो बाई, म्याच तोडला!"

देविदासकाका आत निघून गेले. मलाही रडू आवरलं नाही, आणि ते तर्रीमुळे नव्हतं.

बऱ्याच वेळाने आजीने डोळे पुसले आणि चित्रावर आपला तळहात ठेवला. कपाळ ते ओठ झाकले गेले. हनुवटी आणि कान तेवढे उघडे राहिले. "एवढी माही माय," ती म्हणाली. मग माझ्याजवळच्या कापसाच्या पुडीकडे बोट दाखवून म्हणाली, "अश्विनी सांगे, तू रंग पुसतं. मंग हे गोरी पुसून दे. माही माय ठेव."

मला काय वाटलं ते कसं सांगू? बारा वर्षांत माझ्याकडे कुणी इतकं साधं काम मागितलं नव्हतं, आणि नेमकं तेच मला येत नव्हतं.

"उलटं होईल, आजी. छापलेलं निघत नाही. ओला कापूस फिरवला तर गोंदण जाईल, कान जाईल. तुमची आई जाईल आणि गोरी राहील."

आजीने हात झटकन उचलला, जणू मी कापूस फिरवलाच होता. "नोको, नोको," ती म्हणाली. मग तिने विचारलं, "हे कोन होती मंग?"

मी सगळं सांगितलं. सरदाराची वधू, व्यापाऱ्याची दुसरी बायको, किंवा कोणीच नाही. आणि आमची भांडणंही.

"म्हंजे तिचं नाव कोनालेच माहीत नाई?"

"नाही."

"अन् तुमी सारे भांडून राह्यले," आजी म्हणाली, आणि काकांना हाक मारून काच परत बसवायला सांगितली.

अखजीच्या सकाळी मी उठले तेव्हा अंगण शेणाने सारवलेलं होतं आणि तसबीर भिंतीवर परत चढलेली होती, यंदा खाली, हाताला लागेल इतकी. पुढे नव्या लाल घागरी पाण्याने भरून, वर खरबूज ठेवून मांडलेल्या. आजीच्या वडिलांची एक, नवऱ्याची एक, आईची एक. त्या तिन्हींपासून वीतभर बाजूला चौथी. देविदासकाकांच्या बायकोला वाटलं मोजायला चुकलं. तिने सासूला विचारलं, "ही कोनाची, मामी?"

"थ्या गोरीची," आजी म्हणाली. "इतके वर्सं माह्या मायच्या पान्यातलं पेत आली. वेगळी दे तिले. तिच्या नावानं कोन टाकते पानी?"

नाव घ्यायची वेळ आली तेव्हा मात्र आजी अडली आणि माझ्याकडे पाहू लागली. सगळेच पाहू लागले. मला माझे दोन्ही निबंध आठवले. मी नकारार्थी मान हलवली. आजीने मग फक्त "घे वो बाई" असं म्हणून पळीभर पाणी सोडलं.

आमरस आणि सरगुंड्यांचं जेवण झाल्यावर निघाले. आजी अंगणापर्यंत आली. "पुढच्या अखजीले येजो," म्हणाली. चपला मी परत करायला लागले तर घेतल्या नाहीत. सेलूला त्या टरबूजवाल्याकडून एक मोठं टरबूज घेतलं आणि ते सांभाळत गाडीत चढले.

परतीच्या प्रवासात माझं चित्त एका जागी नव्हतं. पुस्तक उघडलं, मिटलं. एक माणूस वेचणीच्या दिवसांत शेत सोडून तीन दिवस एका परक्या चेहऱ्यासमोर बसतो, आणि बायकोचं काय काय सांगतो, तर गोंदणाचं एक टिंब खाली घसरलेलं होतं, कान फाटका होता. सुंदर होती, गोरी होती, असलं काही नाही. मी चेहऱ्यांचा अभ्यास करून पोट भरते. माझी आई जाऊन दोन वर्षं झाली. तिचे शेकडो फोटो माझ्या फोनमध्ये आहेत, म्हणून ती मला पाठ आहे असं मी धरून चालले होते. मी वही काढली. पेंटरने विचारलं तर मी काय सांगीन?

अकोला गेलं तरी एकच ओळ झाली होती. उजव्या हाताची करंगळी वाकडी, दारात सापडलेली. फोनमधले फोटो चाळून पाहिले. एकातही ती करंगळी दिसेना, प्रत्येक फोटोत हात पदराखाली. मी खरंच पाहिली होती की मनाने काढली? घाबरून मी दादाला फोन लावला.

"आईची करंगळी?" दादा म्हणाला. "वाकडी होती?"

त्याने आठवून पाहिलं. मग म्हणाला, "मला नाही आठवत गं. पण तिला डाव्या कानाने ऐकू यायचं नाही, ते तुला माहीत होतं ना?"

मला माहीत नव्हतं. आई जन्मभर माझ्या डाव्या हाताला येऊन बसायची, उजवा कान माझ्याकडे करून. मला वाटायचं, तिची सवय आहे.

"थांब," मी दादाला म्हणाले, "लिहून घेते."